अंगठ्याचे चार किलो

"सत्त्याऐंशी किलो. चुकलो तर नाव बदलीन," असं म्हणून मास्तरने दातात धरलेली टाचणी काढली, आणि पैज लागली.

मित्रांनो, ही पैज आधी नीट ऐकून घ्या. म्हणजे माणूस नावाच्या प्राण्याबद्दल माझं मत इतकं वाईट का आहे, ते तुम्हाला समजावून सांगत बसायला नको. मास्तर म्हणजे आमच्या गल्लीतला शिंपी. तीस वर्षं मशीनवर बसून पोट सुटलेलं, गळ्यात कायम टेप. त्याची फुशारकी अशी, की समोरून माणूस नुसता चालत गेला तरी तो त्याचं वजन सांगू शकतो, अर्धा किलोही इकडेतिकडे होणार नाही. हे ऐकून समोरच्या टपरीतल्या कुलूपवाल्याच्या पोटात दुखायला लागलं. हाडकुळा, तोंडाळ माणूस. सगळी गल्ली त्याला चाव्या म्हणते.

"बेकरीवाल्याचं सांग बघू," चाव्या म्हणाला. मास्तरने बेकरीवाल्याला एकदा मागून आणि एकदा पुढून पाहिलं आणि सत्त्याऐंशी सांगितलं. ठरलं असं, की हरणाऱ्याने जिंकणाऱ्याला पाठुंगळी घ्यायचं आणि गल्लीच्या तोंडापासून शेवटच्या दुकानापर्यंत भरदिवसा न्यायचं. दोघांच्याही मुली लग्नाला आलेल्या, हेही सांगून ठेवतो.

आणि या पैजेत पंच कोण? मी. औषधाच्या दुकानाबाहेर उभा असलेला जुना वजनकाटा.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. ओतीव लोखंडाचा खांब, खाली उभं राहायला जाड फळी, वर ताटाएवढी पांढरी तबकडी आणि तिच्यावर लाल सुई. शून्यापासून एकशेवीसपर्यंत आकडे. कारखान्यातल्या कारागिराने माझ्यावर एकेक वजन ठेवून सुई तपासली आणि म्हणाला, "हा खोटं बोलणार नाही." माझ्या आयुष्यातलं हे पहिलं कौतुक. आता वाटतं, त्याने मला शाप दिला होता. खरं बोलणाऱ्याला या जगात लाथा किती बसतात, ते त्या बिचाऱ्याला काय माहीत!

औषधवाल्याने मला विकत आणलं तेव्हा गल्लीत माझा थाट होता. लोक केस विंचरून माझ्यावर चढायचे. पण मित्रांनो, माणसाला त्याच्या तळव्यांकडून पाहिलं, की त्याच्याबद्दलचा आदर टिकत नाही. पोट आत ओढलं की वजन कमी भरतं असं समजणारे शहाणे मी शेकड्यांनी पाहिलेत. बूट काढून हातात धरून चढणारे पाहिलेत. एक गृहस्थ तर चढले की श्वास रोखून धरायचे, आणि हवा आत घेऊनच धरायचे! आकडा आवडला नाही की सगळ्यांचा निकाल एकच, "काटा बिघडलाय." मग तबकडीवर एक थप्पड. आकडा आवडला, की मात्र घरी जाऊन सांगायचं, "मी बारीक झालो." तेव्हा माझं नाव कोणी घेत नाही.

असो. बेकरीवाला माझ्यावर चढला. गल्लीतली पंधरावीस रिकामटेकडी मंडळी भोवती. सुई सत्त्याऐंशीवर गेली आणि थांबली. मास्तरचं बरोबर होतं! मलाही, खोटं कशाला सांगू, जरा कौतुक वाटलं. पण तबकडी कोणी वाचायच्या आत काय झालं असेल? चाव्या गर्दीतून बेकरीवाल्याच्या मागे सरकला आणि त्याने चपलेतला अंगठा माझ्या फळीच्या कडेवर टेकवला. वर तोंड आभाळाकडे, जणू पाखरं मोजतोय. खाली अंगठा दाबतोय. सुई सरकली. अठ्ठ्याऐंशी, नव्वद, एक्याण्णव.

"एक्याण्णव!" औषधवाल्याने वाचलं. गल्ली ओरडली. मास्तरचा चेहरा उतरला.

मी काय करणार? माझ्यावर जो दाब पडतो तो मी दाखवतो. दाब कोणाचा, हे सांगायला माझ्याकडे तोंड नाही.

"काटा बिघडलाय!" मास्तर म्हणाला. म्हणजे त्यानेही तेच म्हटलं. माझी त्याच्याबद्दलची सहानुभूती तिथेच संपली.

"काटा नाही, तुझी नजर बिघडलीये," चाव्या म्हणाला. "चल, वाक. बसू दे मला पाठीवर."

मास्तर मला गदागदा हलवायला लागला, खरं काय ते काढून घ्यायचंच जणू. चाव्या म्हणाला, सोड त्याला. मास्तर म्हणाला, तू सोड. दोघांनी मला दोन्ही बाजूंनी धरलं आणि तोडून टाकल्यासारखं ओढलं. चाव्याने एक हिसका दिला, मी कलंडलो, आणि माझ्या खांबाची कड मास्तरच्या उजव्या पायाच्या अंगठ्यावर पडली. कडकन आवाज झाला. हाड मोडलं.

उजव्या पायाचा अंगठा म्हणजे शिलाई मशीनचं पायडल दाबणारा अंगठा. दीड महिना पायाला प्लास्टर. मास्तर पोलिसांकडे गेला तर त्यांनी विचारलं, "हत्यार काय?" मास्तर म्हणाला, "वजनकाटा." पोलिसांनी हसून हसून त्याला चहा पाजला आणि वाटेला लावला. मास्तरला तो चहाच जास्त लागला. तो उठला आणि वकील गाठून थेट कोर्टात फौजदारी फिर्याद घेऊन गेला. दुखापत, जबर दुखापत, शिवीगाळ, जे जे कायद्यात होतं ते सगळं घातलं. कोर्टाने पुरावा मागवला. एक शिपाई हातगाडी घेऊन आला आणि मला उचलून घेऊन गेला. माझ्या गळ्यात दोरीने पुठ्ठ्याची चिठ्ठी बांधली, "हत्यार. वजनकाटा. जुना, गंजलेला."

गंजलेला! मित्रांनो, ही माझ्या आयुष्यातली सगळ्यात मोठी बदनामी. खालच्या बोल्टला जरा तांबूसपणा आला होता, बस्स.

कोर्टाच्या मागच्या खोलीत मी एक वर्ष काढलं. माझ्या डावीकडे एक मोडकी सायकल, उजवीकडे फुटलेल्या बाटलीचे तुकडे घातलेली पिशवी, समोर कोणाच्या तरी दाराची चौकट. सगळ्यांच्या गळ्यात चिठ्ठ्या. धूळ इतकी, की माझी तबकडी पांढरी होती हे मीच विसरलो. महिन्यातून एकदा कोणी तरी दार उघडायचं, "आहे आहे, सगळं आहे," म्हणायचं आणि बंद करायचं. एक वर्ष मी खरं काय ते पोटात घेऊन उभा, आणि एका शहाण्यानेही मला विचारलं नाही. साक्षीदार बेकरीवाल्याला बोलावलं, औषधवाल्याला बोलावलं. बेकरीवाल्याने शपथेवर काय सांगितलं? "माझं वजन ही माझी खाजगी बाब आहे."

बाहेर मात्र गोष्ट हसण्यावारी राहिली नव्हती. हे मला कळलं ते तारखेच्या दिवशी. मला खोलीतून काढून कोर्टाच्या व्हरांड्यात बाकाशेजारी उभं केलं होतं. बाकाच्या एका टोकाला मास्तर, दुसऱ्या टोकाला चाव्या, मध्ये चाव्याची बायको. दोघांकडे आळीपाळीने बघत होती, दूध उतू जाणाऱ्या दोन पातेल्यांकडे बघावं तशी.

गोष्ट अशी, की कुलूपवाल्याचा धंदा कुलपावर चालत नाही, भरवशावर चालतो. लोक त्याला घरात घेतात, कपाटापुढे बसवतात, तिजोरीपुढे बसवतात. अशा माणसावर मारहाणीचा खटला चालू असेल तर त्याला घरात कोण घेणार? वर्षभरात कोणी चाव्याला उंबऱ्याच्या आत बोलावलं नव्हतं. तो टपरीत बसून सायकलींची कुलपं तेवढी करत होता. आणि आता गावातल्या मोठ्या इस्पितळाने सगळ्या दारांची, कपाटांची कुलपं सांभाळायचं वर्षभराचं काम त्याला द्यायचं ठरवलं होतं. अट एकच. याच्यावर कोणताही खटला चालू नाही, असा कोर्टाचा कागद त्याच दिवशी चार वाजायच्या आत हवा. चार वाजून गेले, की काम दुसऱ्याला.

एवढं सगळं टांगणीला लागलेलं, आणि या दोघांचं काय चाललं होतं?

"मी फिर्याद मागे घेतो," मास्तर म्हणत होता, "पण याने पैज सोडली पाहिजे. जन्मात पुन्हा त्या पैजेचं नाव काढायचं नाही."

"फिर्यादीचा आणि पैजेचा काय संबंध?" चाव्या म्हणाला. "मी जिंकलोय. जिंकलेली पैज कशी सोडू?"

मला तर फळीसकट हसावंसं वाटलं. लबाडी करून जिंकलेला माणूस इतक्या ताठ मानेने बोलतो! आणि आपल्या पोटावर पाय देऊन बोलतो!

"अहो," त्याची बायको म्हणाली. फक्त एवढंच. पण त्या 'अहो'चं वजन मी सांगतो, नव्वदच्या खाली नव्हतं. चाव्या खाली बघायला लागला.

"सोडली," तो पुटपुटला.

"मोठ्याने," वहिनी म्हणाली. चाव्याची बायको म्हणजे गल्लीची वहिनी.

"सोडली पैज! ऐकू आलं सगळ्यांना?"

व्हरांड्यातल्या सगळ्यांना ऐकू आलं. दोघांचे वकील धावत आले. दोन वकिलांनी मिळून कागद तयार केला, "उभय पक्षांत सामोपचाराने तडजोड झाली असून आता कोणतीही तक्रार उरलेली नाही, सबब फिर्याद मागे घेण्यास परवानगी मिळावी." वर्षभर एकमेकांना खाऊ की गिळू करणारे दोन वकील एकाच पेनने सही करत होते. माणसं!

साडेअकराला पुकारा झाला. मला दोन शिपायांनी उचलून आत नेलं आणि न्यायाधीश बाईंच्या समोर उभं केलं. बाईंनी चष्म्यावरून आधी माझ्याकडे पाहिलं, मग कागदाकडे.

"हत्यार हे?"

"हो मॅडम," मास्तरचा वकील म्हणाला.

बाईंनी एक मोठा श्वास घेतला. मग मास्तरला विचारलं, "तुम्ही ही फिर्याद स्वखुशीने मागे घेताय ना? कोणी धाक, दबाव?"

"नाही मॅडम. स्वखुशीने."

"पायाचं हाड जुळलं?"

"हाड जुळलं, मॅडम. पण..."

वकिलाने मास्तरचा कोट ओढला. मास्तरने सोडवून घेतला.

"पण काय?" बाई म्हणाल्या. "काही असेल तर आत्ता सांगा. मी सही केल्यावर नाही."

मास्तर गळ्यातल्या टेपशी चाळा करायला लागला. कोर्टातही तो टेप काढून आला नव्हता. "मॅडम, मी फिर्याद केली ती हाडासाठी केली नव्हती. मला वाटलं, कोर्टात तरी सिद्ध होईल की काटा बिघडला होता. तीस वर्षं मी माणूस बघून कापड कापलंय. त्या दिवसापासून मला माझाच भरवसा वाटेना. एक बाही चारचारदा मोजतो. कापायला घेतलं की कात्री थांबते. गिऱ्हाईक म्हणतं, मास्तर, झोप लागली का? निम्मी गिऱ्हाइकं गेली. आता मी मान्य करतो. माझा अंदाज चुकला. चार किलोने चुकला. माणूस म्हातारा होतो." मग तो चाव्याकडे वळला. "आणि तू पैज सोडलीस ना, ती मला नको. असली भीक नको. मी हरलो तर हरलो. आज संध्याकाळी ये, घेतो तुला पाठीवर. अंगठा अजून ठणकतो, दोनदा थांबावं लागेल. पण नेईन."

मित्रांनो, मी माणसांना चांगला ओळखतो. मला वाटलं, आता चाव्या दात काढणार. त्याला सगळंच मिळालं होतं. खटला मिटत होता, इस्पितळाचं काम हातात येत होतं, वर फुकटची सवारी. गप्प राहायचं, एवढंच काम होतं. बाईंनी पेनचं टोपण काढलं होतं.

"चुकला नाही," चाव्या म्हणाला.

"काय?" बाई म्हणाल्या.

"त्याचा अंदाज चुकला नव्हता. मी मागून पाय ठेवला होता. फळीवर. अंगठा."

चाव्याच्या वकिलाने डोळे मिटले. मागच्या बाकावर वहिनीने पदर तोंडाशी धरला. बाईंनी पेन खाली ठेवलं. भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजायला दहा मिनिटं होती, आणि फिर्याद अजून मागे घेतलेली नव्हती. मास्तर 'नाही' म्हणाला असता तर चाव्याचं इस्पितळ गेलं होतं, आणि वर नवीन कलम लागलं असतं ते वेगळं.

मी म्हटलं, गाढवा! लबाडी करायची तर शेवटपर्यंत तरी कर! एक वर्ष तोंड बंद ठेवलंस आणि दहा मिनिटं राहवलं नाही? असला कच्चा लबाड मी जन्मात पाहिला नव्हता.

मास्तर त्याच्याकडे बघत राहिला. ओरडला नाही. अगदी कापड बघतात तसा बघत राहिला. मग म्हणाला, "किती दाबला होतास?"

"थोडासा."

"थोडासा म्हणजे किती? मॅडम, याला एकदा दाबून दाखवायला सांगा."

"हे कोर्ट आहे," बाई म्हणाल्या. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं, आणि मला वाटतं, त्यांनाही राहवलं नाही. "एकदाच. लवकर."

शिपायाने बाहीने माझी तबकडी पुसली. वर्षभरात पहिल्यांदा! चाव्या पुढे आला. चपलेतला अंगठा त्याने माझ्या फळीच्या कडेवर टेकवला, त्या दिवशी टेकवला होता तिथेच, आणि तसाच दाबला. दोन्ही वकील, शिपाई, कारकून, मागच्या बाकावरची माणसं, सगळे वाकले. आयुष्यात पहिल्यांदा मला कोणी तरी खरं विचारत होतं. मी सुई हलवली आणि जागेवर धरून ठेवली.

"चार," कारकून म्हणाला.

"चार!" मास्तर ओरडला. "सत्त्याऐंशी अधिक चार, एक्याण्णव! मॅडम, चार! माझा अंदाज बरोबर होता!" आणि कोर्टात, न्यायाधीशांच्या समोर, हा ढेरपोट्या माणूस रडायला लागला. टेपच्या टोकाने डोळे पुसले.

"फिर्यादीचं काय?" बाईंनी विचारलं.

"मागे! मागे घेतली! कुठे सही करू? हाडाचं काय घेऊन बसलात, हाड काय, पुन्हा मोडा!" त्याने सही केली, वर स्वतःहून दुसऱ्या कागदावरही केली, तिसऱ्यावर करायला निघाला तेव्हा वकिलाने पेन काढून घेतलं.

बाईंनी हुकूम लिहिला, "तडजोड झाल्याने फिर्याद मागे घेण्यास परवानगी. आरोपी मुक्त. मुद्देमाल मालकाला परत." आणि चाव्याला म्हणाल्या, "पुढच्या वेळी दोन्ही पाय जमिनीवर ठेवा." मग त्या चष्मा पुसत हसल्या. माझ्या चिठ्ठीतला 'गंजलेला' शब्द मात्र कोणी खोडला नाही.

कागदाची नक्कल घेऊन वहिनी सायकलवरून इस्पितळाकडे गेली. नवऱ्याच्या हातात कागद द्यायला ती तयार नव्हती. मी तिला नावं ठेवत नाही. अडीच वाजता तिने कागद टेबलावर ठेवला आणि काम चाव्याचं झालं.

आणि मी हातगाडीवरून परत माझ्या जागी आलो, औषधाच्या दुकानाबाहेर. मित्रांनो, आता तुम्हाला काही चांगलं सांगायची रीत आहे म्हणून सांगतो. कोणताही जुना काटा दिसला, तर त्याला थप्पड मारायच्या आधी खाली एकदा बघत जा. कोणाचा पाय आहे का? बहुतेक वेळा असतो. आणि वर्षातून एकदा बोल्टला तेल घाला. यापेक्षा जास्त अपेक्षा मी तुमच्याकडून ठेवत नाही. ठेवायचं कारणही तुम्ही दिलेलं नाही.

त्याच दिवशी साडेचार वाजता गल्लीच्या तोंडाशी मास्तर चाव्याच्या पाठीवर चढला. चाव्याचे गुडघे असे वाजले, की समोरच्या दुकानात ऐकू आले. त्यात वहिनीने आपली एक अट घातली होती, की प्रत्येक दुकानापुढे थांबून कबूल करायचं. चाव्या पाय ओढत, लालबुंद तोंडाने एकेक दुकान गाठत होता.

"मी पाय ठेवला होता!"

बेकरीवाला दाराशी आला. मास्तर वरून ओरडला, "नव्वद! तीन किलो वाढलास!" बेकरीवाला आत निघून गेला.

"मी पाय ठेवला होता!"

अख्खी गल्ली दोन्ही बाजूंना उभी. पोरं मागे. औषधवाल्याने टाळ्या वाजवल्या. मधल्या घराच्या खिडकीतून एक आजी डोकावली. वर्षभर तिने चाव्याला जिन्यावरसुद्धा चढू दिलं नव्हतं. ती पाठीवरच्या मास्तरकडे बघत नव्हती, खालच्याकडे बघत होती.

"काय म्हणतोस रे?" ती म्हणाली.

"मी... पाय... ठेवला होता, आजी!"

"माझं कपाट दोन महिने उघडत नाहीये," ती म्हणाली. "वर ये. त्याला खाली टाक आणि वर ये."

चाव्याने मास्तरला पाठीवर एक धक्का देऊन वर सरकवला, घाम डोळ्यांत गेला होता तो खांद्याने पुसायचा प्रयत्न केला, आणि म्हणाला, "आलो, आजी. अजून पाच दुकानं राहिलीत."

आणि तो पुढच्या दुकानाकडे निघाला.